बिलाचा वाद आणि वीज तोडण्याची भीती

लाइट बिल अचानक दुप्पट-तिप्पट आलं की बहुतेक घरांत तेच ते घडतं. दोन दिवस चर्चा होते. एसी, गीझर, जुना फ्रिज यांच्यावर संशय घेऊन होतो. कुणीतरी कंपनीच्या मदत क्रमांकावर फोन लावतं, तिकडून तक्रार क्रमांक मिळतो, आणि शेवटच्या तारखेच्या आदल्या दिवशी बिल मुकाट्याने भरलं जातं. कारण विचारलं तर उत्तर ठरलेलं असतं : 'उगाच लाइट कापली तर?' घरात म्हातारं माणूस असतं, मुलांच्या परीक्षा असतात, पाण्याचा पंप विजेवर असतो. रक्कम चुकीची आहे हे माहीत असूनही माणूस भरतो, आणि एकदा भरली की पाठपुरावा करायला वेळ कुणाला असतो?

वाईट याचं वाटतं की नेमक्या याच भीतीवर कायद्याने केव्हाच उपाय करून ठेवला आहे. विद्युत कायदा, २००३ च्या कलम ५६ (१) प्रमाणे बिल थकलं म्हणून वीज तोडायची असेल तर आधी लेखी नोटीस द्यावी लागते आणि त्यानंतर पूर्ण १५ दिवस थांबावं लागतं. १९१० च्या जुन्या कायद्यात ही मुदत ७ दिवसांची होती. त्याच कलमाला जोडलेलं परंतुक आणखी मोलाचं आहे. बिलाबद्दल वाद असेल आणि ग्राहकाने हरकत नोंदवून ठरावीक रक्कम भरली, तर वादाचा निकाल लागेपर्यंत वीज तोडता येत नाही. ठरावीक रक्कम म्हणजे किती? मागितलेली पूर्ण रक्कम, किंवा मागच्या सहा महिन्यांत भरलेल्या बिलांच्या सरासरीने येणारी दरमहाची रक्कम, यांपैकी जी कमी असेल ती.

समजा, एका घराचं बिल सहा महिने सरासरी २,१०० रुपये येत होतं आणि या महिन्यात १९,४०० आलं. त्या घराने २,१०० रुपये भरावेत, सोबत 'या बिलाबद्दल माझी हरकत आहे, ही रक्कम कलम ५६ च्या परंतुकानुसार हरकत नोंदवून भरत आहे' असं पत्र द्यावं आणि पोच घ्यावी. पुढच्या महिन्यांतही वाद सुटेपर्यंत तसंच करावं. म्हणजे घरात उजेड राहतो आणि १७,३०० रुपयांचा वाद शांतपणे लढता येतो. बिलाचा वाद आणि वीजपुरवठा या दोन गोष्टी कायद्याने एकमेकींपासून सोडवल्या आहेत. वीजग्राहकाच्या सगळ्या हक्कांचा पाया मला इथे दिसतो. बाकीचे हक्क वापरायला वेळ लागतो, आणि तो वेळ हे परंतुक मिळवून देतं. पण बिलाच्या मागच्या बाजूला बारीक टायपात कितीही सूचना छापलेल्या असल्या तरी ही रक्कम तुमच्यासाठी नेमकी किती, हे कुठलीही कंपनी ग्राहकाला आपण होऊन सांगत नाही.

विलेपार्ल्यात हा विषय मांडायला खास कारण आहे. पार्ले पश्चिमेला कूपर रुग्णालयाच्या मागे ग्राहक भवन उभं आहे. ते मुंबई ग्राहक पंचायतीचं मुख्य ठिकाण. बिंदुमाधव जोशी यांच्या प्रेरणेतून १९७५ साली सुरू झालेल्या या संस्थेचा पहिला पसारा घरगुती किराणा एकत्र खरेदी करून सभासद कुटुंबांच्या गटांत वाटण्याचा होता. पुढे ती ग्राहकांच्या कायदेशीर लढ्यांत उतरली. विद्युत कायद्याच्या कलम ९४ (३) प्रमाणे वीज नियामक आयोग आपल्यापुढच्या कामकाजात ग्राहकांची बाजू मांडायला प्रतिनिधी नेमू शकतो. महाराष्ट्रात असं काम सोपवलेल्या मोजक्या संस्थांत पुण्याच्या 'प्रयास'बरोबर मुंबई ग्राहक पंचायतीचं नाव आहे. म्हणजे दर ठरतानाच ग्राहकाचा आवाज पोचवणाऱ्यांपैकी एक संस्था पार्ल्यातली, आणि तरी पार्ल्यातल्याच सोसायट्यांत कलम ५६ ची माहिती असलेली माणसं शोधावी लागतात.

पार्ल्याला वीज कोण देतं, याचं उत्तर गेल्या वीस-बावीस वर्षांत बरंच बदललं. १९२९ साली स्थापन झालेली बॉम्बे सबर्बन इलेक्ट्रिक सप्लाय, म्हणजे बीएसईएस, ही उपनगरांची कंपनी. जुने पार्लेकर आजही 'बीएसईएसचं बिल' म्हणून जातात. २००३ मध्ये ती रिलायन्सच्या ताब्यात गेली आणि ऑगस्ट २०१८ मध्ये मुंबईचा वीजव्यवसाय अदानींकडे आला. टाटा पॉवर ही दुसरी परवानाधारक. टाटांना उपनगरांत थेट घरगुती ग्राहकांनाही वीज देता येईल, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने जुलै २००८ मध्ये दिला. त्यानंतर ऑक्टोबर २००९ मध्ये महाराष्ट्र वीज नियामक आयोगाने रिलायन्सच्याच तारांवरून टाटांची वीज घेण्याची वाट मोकळी केली. त्यामुळे पार्ल्यात एकाच जिन्याखालच्या मीटरच्या खोलीत शेजारी-शेजारी दोन कंपन्यांचे ग्राहक असू शकतात. कुलाब्यापासून माहीम-शीवपर्यंत बेस्ट, मुलुंड-भांडुपला महावितरण, आणि पार्ल्याला ही निवड. देशात फार थोड्या ग्राहकांना अशी निवड करता येते. तरी तिच्यामुळे बिलाचे वाद कमी झालेले नाहीत, कारण वाद दरांपेक्षा मोजणीचे आणि आकारणीचे असतात.

मोजणीच्या वादाचं मूळ बऱ्याचदा याच मीटरच्या खोलीत सापडतं. जुन्या इमारतीत ती जिन्याखाली, अंधारी, आत मोडक्या सायकली आणि रंगाचे डबे ठेवलेली असते. रीडिंग घ्यायला आलेल्या माणसाला कुलूप लागलेलं दिसलं की बिलावर सरासरीचे युनिट पडतात. दोन-चार महिने असंच गेलं की एकदा खरं रीडिंग येतं आणि सगळा फरक एका बिलात उतरतो. दुसरा प्रकार अदलाबदलीचा. फेररंगकाम किंवा वायरिंग झालं की मीटरवर खडूने लिहिलेले खोल्यांचे क्रमांक पुसले जातात, तारा उलटसुलट जोडल्या जातात आणि तिसऱ्या मजल्यावरचा माणूस पहिल्या मजल्याचं बिल भरत राहतो. हे ओळखायला इंजिनिअर लागत नाही. घरातला मेन स्विच बंद करायचा आणि खाली जाऊन आपल्या मीटरवरचा लाल दिवा बघायचा. तो लुकलुकत राहिला तर मीटरमध्ये दोष आहे किंवा आपल्या मीटरवर दुसऱ्या कुणाचा भार आहे. दिवा थांबला पण शेजारच्या मीटरचा क्रमांक आपल्या बिलावर छापलेला असला, तर अदलाबदल पक्की. मीटरच्या पडद्यावर आकडे आळीपाळीने बदलतात. त्यांत तारीख असते, वेळ असते, कमाल मागणीही असते. बिलाशी ताडायचा तो फक्त केडब्ल्यूएच असं लिहिलेला आकडा. त्याचा मोबाइलवर फोटो काढून ठेवावा, मीटरचा क्रमांक फोटोत दिसेल असा. पुढे ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंचासमोर हा फोटो जितकं काम करतो तितकं कुठलंही भाषण करत नाही.

सरासरीच्या बिलांना केंद्र सरकारच्या विद्युत (ग्राहकांचे हक्क) नियमांनी, म्हणजे डिसेंबर २०२० च्या नियमांनी, मर्यादा घातली आहे. एका आर्थिक वर्षात कंपनीला दोनपेक्षा जास्त तात्पुरती बिलं काढता येत नाहीत. असाधारण परिस्थिती नसताना त्यापुढेही असंच चालू राहिलं, तर प्रत्यक्ष रीडिंगचं बिल येईपर्यंत पैसे भरायला ग्राहक नकार देऊ शकतो. हे कलम वापरणारा माणूस माझ्या पाहण्यात क्वचितच आला. अर्थात दार उघडून रीडिंग घेऊ देणं हे ग्राहकाचं काम आहे. मीटरच्या खोलीची चावी वॉचमनकडे ठेवायची एवढी साधी व्यवस्था सोसायटीने केली तर अर्धे वाद उद्भवणारच नाहीत.

मीटर नादुरुस्त निघाला तर किती मागे जाऊन वसुली करायची, यालाही महाराष्ट्रात मर्यादा आहे. आयोगाच्या वीजपुरवठा संहितेप्रमाणे (आधीची २००५ ची, आताची २०२१ ची) सदोष मीटरपोटीचा फरक वाद उद्भवल्याच्या आधीच्या जास्तीत जास्त तीन महिन्यांपुरताच घेता येतो. मीटर बंदच पडला असेल तर आधीच्या बारा महिन्यांच्या सरासरीने, तोही तीन महिन्यांपर्यंतच. मीटर संथ चालत होता म्हणून दोन वर्षांचा हिशेब काढून पाठवलेलं बिल आलं की ग्राहक घाबरतो. त्याने पहिला प्रश्न विचारावा तो चाचणी अहवालाचा. मीटर कधी तपासला, कुठल्या उपकरणाने, माझ्यासमोर की माझ्या अपरोक्ष? दोष मीटरचा होता की जोडणीचा? कारण कंपन्या पुष्कळदा 'मीटर ठीक होता, जोडणी चुकली होती' किंवा 'रीडिंगला गुणायचा गुणक चुकीचा लावला होता' असं सांगून तीन महिन्यांची मर्यादा बाजूला सारतात. मग वाद वेगळ्या पायरीवर जातो : किती वर्षांची थकबाकी मागता येते?

या प्रश्नाचं उत्तर आता बरंच स्पष्ट झालं आहे, पण तिथपर्यंत पोचायला बराच काळ गेला. कलम ५६ (२) म्हणतं, रक्कम प्रथम देय झाल्यापासून दोन वर्षांनंतर ती वसूल करता येणार नाही, मात्र बिलात थकबाकी म्हणून सतत दाखवत आले असतील तर गोष्ट वेगळी. वाद होता 'प्रथम देय' केव्हा, यावर. वीज वापरली त्या दिवशी, की कंपनीने बिल काढलं त्या दिवशी? दुसरा अर्थ घेतला तर कंपनी दहा वर्षांची चूक आज शोधून आज बिल काढेल आणि दोन वर्षं आजपासून मोजेल. मुंबई उच्च न्यायालयाच्या मोठ्या खंडपीठाने मार्च २०१९ मध्ये यावर निर्णय दिला. महावितरण आणि ग्राहकांच्या तक्रारींवर निर्णय देणारे वीज लोकपाल यांच्यातलं ते प्रकरण होतं. पहिल्यांदा मागणी केली त्या तारखेच्या मागे दोन वर्षांपेक्षा जुन्या वापराचे पैसे कंपनीला मागता येणार नाहीत, असं न्यायालयाने सांगितलं. महाराष्ट्रातल्या ग्राहकाच्या हातातलं हे फार मोठं साधन आहे.

पुढच्या वर्षी, फेब्रुवारी २०२० मध्ये, अजमेर वीज कंपनी विरुद्ध रहमतुल्ला खान या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने चूक उघडकीला आल्यावर पुरवणी बिल काढायला मुभा दिली, पण दोन वर्षं उलटून गेलेल्या रकमेसाठी वीज तोडण्याचा धाक दाखवता येणार नाही, असं बजावलं. ऑक्टोबर २०२१ मधला प्रेम कॉटेक्सचा निकाल मात्र ग्राहकाला जड जाणारा. कंपनीच्या नजरचुकीने कमी आकारणी झाली आणि ती नंतर वसूल केली, तर त्याला सेवेतली त्रुटी म्हणता येणार नाही, असं न्यायालयाने म्हटलं. दोन्ही निकाल एकत्र वाचले की आजची स्थिती अशी दिसते : खरोखर वापरलेल्या विजेचे पैसे द्यावे लागतात, पण जुन्या चुकीचा बोजा टाकताना कंपनीने पुरावा दिला पाहिजे आणि अंधाराची भीती वापरता कामा नये. मला ही विभागणी न्याय्य वाटते. ज्याने वीज वापरली त्याने दाम मोजावा, हे ग्राहक चळवळीनेही मान्य करायला हवं. हरकत आहे ती दुसऱ्याच्या चुकीची किंमत एकरकमी, व्याजासह आणि धाकाने वसूल करण्याला.

पुनर्विकासाच्या आणि घरविक्रीच्या दिवसांत पार्ल्यात आणखी एक प्रश्न वारंवार येतो. जुन्या मालकाची थकबाकी नव्याने का भरायची? मे २०२३ च्या के. सी. निनान खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने नियमांत तशी तरतूद असेल तर जागेची जुनी थकबाकी नव्या जोडणीच्या वेळी मागता येते, असं ठरवलं. पण महाराष्ट्राच्या संहितेत ग्राहकाच्या बाजूने मर्यादा आहे. नवा माणूस जुन्याचा कायदेशीर वारस नसेल तर त्याच्याकडून जास्तीत जास्त सहा महिन्यांची थकबाकी मागता येते. घर घेताना शेवटचं भरलेलं बिल आणि मीटरचं त्या दिवशीचं रीडिंग करारासोबत जोडून घेतलं, तर पुढचं बरंच सुकर होतं.

एकेकट्याच्या वादांइतकेच सामूहिक वाद मोठे, आणि उपनगरांनी ते तीनदा अनुभवले. जून २००९ मध्ये रिलायन्सच्या दरवाढीवर इतका गदारोळ झाला की जुलैत आयोगाने ती स्थगित केली आणि हैदराबादच्या ॲडमिनिस्ट्रेटिव्ह स्टाफ कॉलेजकडे चौकशी सोपवली. सप्टेंबर २०१० मध्ये स्थगिती उठली. रोखलेली वसुली मात्र विरून गेली नाही. ती पुढे नियामक मत्ता आकार या नावाने वर्षानुवर्षं बिलांत आली. दरवाढ थांबवली की जिंकलो असं वाटतं, पण खर्च मान्य झालेला असेल तर तो व्याज घेऊन परत येतो. म्हणून लढाई खर्च मान्य होण्याच्या सुनावणीत लढायची असते, आणि तिथे कोष्टकं वाचणारी माणसं लागतात. ग्राहक पंचायतीचं आणि 'प्रयास'चं खरं काम तिथलं आहे.

दुसरा प्रसंग २०१८ चा. कंपनी बदलली, सप्टेंबरमध्ये नवे दर लागू झाले, ऑक्टोबरचा उकाडा आला आणि नोव्हेंबर-डिसेंबरात उपनगरांतल्या घराघरांतून वाढीव बिलांची ओरड सुरू झाली. आयोगाने डिसेंबरमध्ये दोन सदस्यांची समिती नेमली. ग्राहकांच्या तक्रारींची दखल घेऊन आयोग स्वतः हलला, ही त्यातली चांगली बाजू. तिसरा प्रसंग सगळ्यांना आठवतो, २०२० च्या टाळेबंदीचा. मार्च अखेरीपासून रीडिंग थांबलं. डिसेंबर ते फेब्रुवारी या थंडीच्या महिन्यांच्या सरासरीने बिलं गेली, आणि माणसं मात्र एप्रिल-मेच्या उकाड्यात दिवसभर घरातच होती. जूनमध्ये खरं रीडिंग आलं तेव्हा बिलं पाहून लोक हादरले.

तेव्हाचा कळीचा मुद्दा होता टप्प्यांचा. घरगुती दर शंभर युनिटपर्यंत सगळ्यात स्वस्त, मग तीनशेपर्यंत, मग पाचशेपर्यंत आणि त्यापुढे सगळ्यात महाग. तीन महिन्यांचा वापर ७५० युनिट असेल तर महिन्याला २५० पडतात, म्हणजे एकही युनिट तीनशेच्या वर जात नाही. तेच ७५० एका महिन्याचे धरले तर ४५० युनिट महाग टप्प्यांत जातात. म्हणून साचलेल्या रीडिंगचं बिल काढताना युनिट तेवढ्या महिन्यांत वाटून टप्प्यांचा लाभ द्यावाच लागतो. टाळेबंदीच्या बिलांत तो द्यायचा होता, आणि तो नीट दिला की नाही हे प्रत्येक ग्राहकाला स्वतः आकडे मांडून पाहावं लागलं. जूनचं बिल मार्च ते मेच्या सरासरीच्या दुपटीहून जास्त असेल तर तीन हप्त्यांची सवलत आयोगाने द्यायला लावली. प्रकरण उच्च न्यायालयात गेलं तेव्हा जुलैमध्ये न्यायालयाने अर्जदारांना आधी तक्रार निवारणाच्या यंत्रणेकडे जायला सांगितलं. तत्कालीन ऊर्जामंत्री नितीन राऊत यांनी दिवाळीआधी सवलतीची आशा दाखवली आणि नोव्हेंबरमध्ये बिलं भरावीच लागतील असं सांगितलं. त्या काळात कुणाला खरा दिलासा मिळाला असेल, तर ज्याने लेखी तक्रार केली आणि टप्प्यांचा हिशेब मागितला त्याला. मंत्र्यांच्या घोषणेची वाट पाहत बसलेल्यांच्या बिलात काही फरक पडला नाही.

ही यंत्रणा नेमकी आहे तरी कशी? सगळ्यात आधी कंपनीच्याच तक्रार कक्षाकडे लेखी तक्रार. तिथे समाधान झालं नाही तर ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंच. कलम ४२ (५) प्रमाणे हा मंच स्थापायची जबाबदारी कंपनीवर आहे, आणि हीच त्याची कमकुवत जागा. मंचात ग्राहकांच्या बाजूचा सदस्य असतो, अध्यक्ष अनुभवी असतात, पण खर्च कंपनी करते आणि कार्यालय कंपनीच्या आवारात असतं, तेव्हा साध्या माणसाला तो परका वाटतो. आयोगाच्या २०२० च्या विनियमांप्रमाणे तक्रारीचं कारण घडल्यापासून दोन वर्षांच्या आत मंचाकडे जावं लागतं, आणि मंचाने साठ दिवसांत निर्णय द्यायचा असतो. तिथेही पटलं नाही तर साठ दिवसांत वीज लोकपालांकडे अर्ज. मुंबईसाठीचे लोकपाल वांद्रे-कुर्ला संकुलात बसतात. त्यांची नेमणूक आयोग करतो, त्यामुळे इथे कंपनीचं दडपण नाही. मंचाने ग्राहकाला पैसे भरायला सांगितले असतील, तर त्यातली निम्मी रक्कम किंवा पंचवीस हजार रुपये, यांपैकी जे कमी ते लोकपालांकडे जमा करावं लागतं. लोकपालांच्या आदेशांविरुद्ध नियमित अपील नाही, उच्च न्यायालयात रिट अर्ज करता येतो.

मंचांचे आणि लोकपालांचे आदेश कुणालाही वाचायला खुले असतात. ते वाचत गेलं की एक गोष्ट लक्षात येते. ग्राहक हरतो तो बहुतेकदा कायद्याच्या मुद्द्यावर नव्हे, कागदाच्या मुद्द्यावर. फोनवर तक्रार केली होती, पण तारीख सांगता येत नाही. मीटर बदलला तेव्हाचं जुनं रीडिंग कुणी लिहून ठेवलं नाही. तपासणीच्या अहवालावर वाचल्याशिवाय सही केली. कंपनीकडे प्रत्येक गोष्टीची नोंद असते, ग्राहकाकडे आठवण असते. मीटर बदलायला माणूस आला की जुन्या मीटरच्या शेवटच्या आकड्याचा आणि नव्याच्या पहिल्या आकड्याचा फोटो काढून ठेवणं, हे मी प्रत्येक घराला कळकळीने सांगेन.

काही वाद मात्र या पायऱ्यांवर चढूच शकत नाहीत. कलम १२६, अनधिकृत वापर. घरगुती जोडणीवर क्लास चालवला, मंजूर भारापेक्षा जास्त भार घेतला, एका जागेची वीज दुसऱ्या जागेत नेली, असं तपासणीत आढळलं की लागू दराच्या दुप्पट आकारणी होते, आणि सुरुवात कधी झाली ते ठरवता आलं नाही तर मागचे बारा महिने धरले जातात. आधी तात्पुरती आकारणी येते, तिच्यावर हरकत घ्यायची संधी असते, तीस दिवसांत अंतिम आदेश निघतो. त्यावर अपील तीस दिवसांत, तेही निम्मी रक्कम आधी भरून, आणि आपल्याकडे ते विद्युत निरीक्षकांकडे. पैसे थकवले तर वर्षाला सोळा टक्के व्याज. मंच अशा प्रकरणात हात घालत नाही. पार्ल्यासारख्या ठिकाणी, जिथे एका खोलीत शिकवणी, दुसरीत शिवणकाम आणि तिसरीत सल्लागाराचं टेबल असतं, तिथे हे कलम कुणाच्याही दारात येऊ शकतं. वकील, डॉक्टर, सनदी लेखापाल यांनी राहत्या घरात व्यवसाय केला तर त्यांना घरगुतीच दर लावायचा, असं आयोगाच्या दरपत्रकात आहे, शुश्रूषागृहं आणि रुग्णालयं वगळून. ही ओळ माहीत नसल्यामुळे दुप्पट भरणाऱ्यांबद्दल मला फार वाईट वाटतं. तात्पुरत्या आकारणीवर हरकत घ्यायची मुदत चुकवणं ही या प्रकरणांतली सगळ्यात महाग चूक आहे.

ग्राहक आयोगाचं दार मंच-लोकपालांच्या रस्त्याला समांतर. ग्राहक संरक्षण कायद्याने, १९८६ च्या आणि आता २०१९ च्या, वीजपुरवठा ही 'सेवा' मानली आहे. पाच लाखांपर्यंत मोबदल्याच्या तक्रारीला शुल्क नाही, तक्रार दोन वर्षांच्या आत करायची, आणि तक्रारदार राहतो त्या जिल्ह्यात करता येते. मानसिक त्रासाची भरपाई हवी असेल, चुकून वीज तोडल्यामुळे नुकसान झालं असेल, तर हे दार उपयोगी. पण जुलै २०१३ च्या अनीस अहमद खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने दोन कुंपणं घातली : कलम १२६ ची आकारणी ग्राहक आयोगापुढे नेता येणार नाही, आणि व्यापारी कारणासाठी वीज घेणारा या कायद्यापुरता ग्राहक नाही. नुसत्या युनिटच्या हिशेबाचा वाद असेल तर मंच आणि लोकपाल हा रस्ता लवकर संपतो, असं माझं मत आहे. ग्राहक आयोगांतल्या तारखांची रांग आज फार लांब आहे.

आता स्मार्ट मीटर. उपनगरांत ते झपाट्याने बसत आहेत. रीडिंगवाल्याची गरज संपते, सरासरीची बिलं संपायला हवीत, वापर तासातासाला दिसतो, हे त्याचे फायदे खरे आहेत. नवा मीटर बसल्यावर बिल वाढलं ही तक्रारही सगळीकडे आहे. तिच्यासाठी केंद्राच्या नियमांत फेब्रुवारी २०२४ मध्ये चांगली दुरुस्ती झाली. रीडिंग वापराशी जुळत नाही अशी तक्रार केली की कंपनीने पाच दिवसांत जोडीला दुसरा मीटर बसवायचा आणि किमान तीन महिने दोन्ही ताडून पाहायचे. शंका असलेल्या प्रत्येकाने हे मागावं. जुना मीटर संथ होता म्हणून नवा जास्त दाखवतो, की नवाच चुकतो आहे, याचा निवाडा त्यातून होतो.

पण स्मार्ट मीटरचा स्विच दुरून बंद करता येतो. पूर्वी तोडायला माणूस यायचा, तो फ्यूज काढायच्या आधी शेजारीपाजारी जमायचे, भरल्याची पावती दाखवता यायची. आता एका आज्ञेने काम होतं. पंधरा दिवसांच्या नोटिशीचं कलम जसंच्या तसं लागू आहे, तरी ती नोटीस मोबाइलवरच्या जाहिरातींच्या गर्दीत संदेश म्हणून आली तर ग्राहकाच्या हाती काय उरतं? आणि प्रीपेडमध्ये तर सगळी मांडणीच उलटते. जून २०२४ मध्ये तत्कालीन उपमुख्यमंत्री आणि ऊर्जामंत्री देवेंद्र फडणवीस यांनी सर्वसामान्य ग्राहकांना स्मार्ट प्रीपेड मीटर लावणार नाही असं जाहीर केलं, आणि या मीटरना होत असलेला विरोध थोडा निवला. तो विरोध मुख्यतः खर्चावर होता. माझी हरकत वेगळी आहे. पोस्टपेडमध्ये वादातली रक्कम ग्राहकाच्या खिशात असते आणि ती मिळवायला कंपनीला सिद्ध करावं लागतं. प्रीपेडमध्ये चुकीच्या युनिटचे पैसे आधीच वजा झालेले असतात, शिल्लक संपली की वीज बंद, आणि सिद्ध करायचं ओझं ग्राहकावर. कलम ५६ च्या परंतुकाने दिलेली सवड तिथे हातातून निसटते. म्हणून प्रीपेड पुन्हा आणायचंच झालं, तर तक्रार नोंदवल्याच्या तारखेपासून वादातली वजावट थांबवून सहा महिन्यांच्या सरासरीने वजावट चालू ठेवायची तरतूद आधी व्हायला हवी. तसा प्रस्ताव आयोगासमोर येईल तेव्हा जाहीर सूचना निघेल आणि हरकतींसाठी मोजके दिवस मिळतील. पार्ल्यातल्या प्रत्येक सोसायटीने तेव्हा आपल्या लेटरहेडवर एक पानाची हरकत पाठवावी. आणि तोवर, प्रत्येक बिलावर 'वाद असल्यास हरकत नोंदवून भरायची रक्कम' असा एक रकाना असावा, त्यात मागच्या सहा महिन्यांची सरासरी छापलेली असावी, ही मागणी आजच्या पोस्टपेड बिलांसाठीही करता येते. ती छापायला लागणारी सगळी माहिती कंपनीच्या संगणकात आत्ता, या क्षणी आहे.